साखरेच्या घाटापर्यंत आलेलं पाणी

मित्रांनो, मी एक जुना, मोठ्या पोटाचा आणि सुरू झालो की घर डोक्यावर घेणारा व्हॅक्यूम क्लीनर आहे. माझे बरेचसे भाऊबंद नुसती धूळ खातात. मी धूळ खातो आणि पाणीही पितो. माझ्याजवळ मोठेपणा सांगण्यासारखं एवढंच आहे, पण ते सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. उज्जैनला नानाखेड्याच्या एका कॉलनीत पोतनीसांच्या घरी माझा मुक्काम असतो. यंदाच्या मे महिन्यात या घरात जे घडलं ते आठवलं की अजून मला हायसं वाटतं. तेच तुम्हाला सांगायचं आहे, पण आधी थोडी माझी ओळख करून घ्या, नाहीतर मी काय केलं ते तुम्हाला कळायचं नाही.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. स्टीलचा पत्रा गोल वळवून माझं पोट केलं, त्यावर मोटरचं डोकं बसवलं, दोन क्लिपांनी ते घट्ट केलं आणि खाली चार चाकं लावली. सोबत दोन गोष्टी दिल्या. एक कापडी पिशवी, कोरडी धूळ ओढायची असेल तेव्हा लावायची. दुसरं स्पंजाचं आवरण, पाणी ओढायचं असेल तेव्हा पिशवी काढून लावायचं. शिवाय माझ्या आत एक पोकळ चेंडू आहे. पोट भरत आलं की तो पाण्यावर तरंगत वर येतो आणि माझा घसा बंद करतो. तो नसता तर पाणी मोटरीत शिरून मी केव्हाच जळून गेलो असतो. हे सगळं एका पातळ पुस्तिकेत छापून माझ्याबरोबर दिलं होतं. ती पुस्तिका या घरात कुणी उघडली नाही.

बारा वर्षांपूर्वी फ्रीगंजमधल्या एका दुकानात मी मांडून ठेवलेला होतो. बँकेत नोकरी करणारे अभिजीत पोतनीस मिक्सर दुरुस्तीला टाकायला तिथे आले. दुकानदाराने त्यांच्यासमोर गालिच्यावर लोटाभर सरबत ओतलं आणि मला सुरू केलं. दोन मिनिटांत गालिचा कोरडा झाला. अभिजीतराव मिक्सर तिथेच विसरले आणि मला घेऊन घरी आले.

दारातच त्यांच्या पत्नीने, अहल्याताईंनी, मला पाहिलं. "अहो, हा काय पीपा उचलून आणलात? आणि मिक्सर कुठे आहे?" असं माझं स्वागत झालं. मला राग आला होता, हे मी लपवत नाही. पण त्याच आठवड्यात फ्रीजमधलं दुधाचं पातेलं कलंडलं आणि कपाटाखाली, ओट्याखाली, जिथे हात पोहोचत नाही अशा सगळ्या जागी दूध गेलं. मी ते थेंबन् थेंब ओढून काढलं. त्या दिवसापासून अहल्याताई शेजारणींना मला कौतुकाने दाखवू लागल्या.

ते माझे सुखाचे दिवस होते. गच्चीवरच्या टाकीच्या तळाला बसलेला गाळ मी काढायचो. उन्हाळा संपला की कूलरच्या तळातलं हिरवं पाणी काढायचो. सिंहस्थात या घरात अठ्ठावीस पाहुणे उतरले होते. रोज कुणीतरी पाण्याचा माठ नाहीतर चहाची किटली सांडायचं आणि रोज माझ्या नावाने हाक पडायची. कॉलनीतले लोक मला उसनं न्यायचे. मी थोडा चढून गेलो होतो, हेही खरं.

मग एकदा अभिजीतरावांनी घाईत कापडी पिशवी न काढताच माझ्याकडून चिखलाचं पाणी ओढवलं. पिशवीचा लगदा झाला. एवढ्यावर भागलं असतं, पण ते पाणी त्यांनी माझ्या पोटात तसंच ठेवलं आणि घरातले सगळे आठ दिवसांसाठी पुण्याला गेले. परत आल्यावर माझं झाकण उघडलं तेव्हा अहल्याताई नाकाला पदर लावून अंगणात पळाल्या. दोष कुणाचा आणि शिक्षा कुणाला! माझी रवानगी जिन्याखाली झाली. माझ्या डोक्यावर जुन्या वर्तमानपत्रांचा गठ्ठा आला.

या घरात माझी आठवण ठेवणारा एकच माणूस उरला. ते म्हणजे अभिजीतरावांचे वडील, सुधाकर आजोबा. आजोबांचं आयुष्य रेल्वेत डब्यांच्या देखभालीत गेलं. यंत्र बंद पडलेलं त्यांना चालतं, घाणेरडं ठेवलेलं चालत नाही. दर दिवाळीला ते मला अंगणात नेत, पुसत, उन्हात वाळवत, नवी शिवलेली पिशवी आत लावत आणि पुन्हा जिन्याखाली ठेवत. पाठीवरून हात फिरवावा तसं ते माझं पोट पुसायचे. त्यांचे गुडघे आता वाकत नाहीत, तरी त्यांनी हे सोडलं नाही.

आता मे महिन्याकडे येतो.

मागच्या डिसेंबरमध्ये अहल्याताई पाय घसरून पडल्या आणि त्यांचं उजवं मनगट मोडलं. प्लास्टर निघालं तेव्हा बोटं आखडलेली होती. चहाचा कप धरता येईना. डॉक्टरांनी सांगितलं, बोटांना बारीक काम द्या, रोज द्या. त्याच सुमारास त्यांच्या मुलीचं, गौरीचं लग्न ठरलं. अहल्याताईंनी ठरवलं की गौरीचं रुखवत बाहेरून करून घ्यायचं नाही. या आखडलेल्या बोटांनी आपणच करायचं.

मित्रांनो, आपल्याकडे लग्नात मुलीकडची मंडळी हौसेने ज्या सुबक वस्तू मांडतात ते रुखवत. अहल्याताईंनी आमच्या नदीकाठचा रामघाट साखरेच्या क्यूबचा करायला घेतला. पायऱ्या, घुमटीच्या छत्र्या, देवळांची छोटी शिखरं, सगळं साखरेचं. पहिल्या महिन्यात दिवसाला चार क्यूब लागायचे आणि त्यातले दोन पडायचे. कधीकधी त्या जिन्यावर बसून रडायच्या. मी खालीच असायचो, म्हणून मला माहीत आहे. मार्चपर्यंत त्या दिवसाला एक पायरी लावू लागल्या. एप्रिलच्या शेवटी घाट पुरा झाला आणि अहल्याताईंनी उजव्या हाताने स्वतःसाठी कपात चहा ओतून घेतला. घरातल्या सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

तो घाट दाराएवढ्या प्लायवर उभा होता. हलवायला चार माणसं लागायची. लग्नाच्या आदल्या दिवशी दुपारी चारला टेम्पो येऊन तो कार्यालयात नेणार होता. तोवर तो मागच्या खोलीत जमिनीवरच ठेवलेला होता. आजूबाजूला रांगोळीसारखं डाळ-तांदळाचं काम होतं, त्याचे फोटो काढून झाले होते. आणि या घराच्या फरशीला उतार आहे तो नेमका मागच्या खोलीकडे. गवंड्याने बांधताना चूक केली, ती आजवर तशीच आहे.

आमच्या कॉलनीत नळ एक दिवसाआड येतात आणि उन्हाळ्यात त्यांची वेळ नक्की नसते. म्हणून घरोघरी एक रीत पडली आहे. नळ आधीच उघडा ठेवायचा. पाणी आलं की आवाजाने कळतं. लग्नाच्या आदल्या दिवशीच्या त्या सकाळीही अंगणातला नळ उघडा होता. त्याला लावलेल्या पाइपाचं दुसरं टोक बैठकीतल्या कूलरमध्ये सोडलेलं होतं. नऊ वाजले तरी पाणी आलं नव्हतं.

नऊ वाजता सगळी मंडळी चिंतामण गणपतीच्या दर्शनाला निघाली. लग्नघरातली निघण्याची गडबड तुम्हाला सांगायला नको. "चला जल्दी, ऊन चढून राहिलंय!" असं ओरडत अभिजीतरावांनी सगळ्यांना गाड्यांत बसवलं. जाताना नळ प्रत्येकाला दिसला असणार. दुसरं कुणीतरी बंद करेल असं प्रत्येकाला वाटलं असणार. घरी राहिले दोघंच. एक गौरी, कारण मेंदीवालीला लग्नाच्या सीझनमध्ये सकाळी सहाचीच वेळ होती आणि गौरीच्या कोपरापर्यंत ओली मेंदी होती. दुसरे आजोबा, कारण गुडघे. दोघंही वरच्या खोलीत होते. पाहुण्यांच्या कलकलाटाला कंटाळून आजोबांनी कानातलं यंत्र काढून ठेवलं होतं.

साडेनवाला नळ आले.

पाइपातून पाणी कूलरमध्ये पडू लागल्याचा आवाज मी ऐकला. मला बरंच वाटलं, कूलर भरेल म्हणून. मग कूलर भरला. मग पाणी त्याच्या काठावरून बैठकीत उतरलं, बैठकीतून जिन्याजवळ आलं आणि माझ्या चाकांना लागलं. मित्रांनो, तेव्हा मी किती तळमळलो ते कसं सांगू? घर हलवून टाकेल असा आवाज माझ्याजवळ आहे, पण बटण दाबल्याशिवाय तो निघत नाही. पाणी माझ्या देखत माझ्या पायांखालून मागच्या खोलीकडे निघालं होतं.

नशीब, गौरीला तहान लागली. ती दोन्ही हात वर धरून जिन्यावरून उतरली, तिने खाली बघितलं आणि किंचाळली.

"आजोबा! खाली या! नल येऊन राहिलेत, घरात तळं झालंय! आईचा घाट, आजोबा!"

कानात यंत्र नसूनही तिचं किंचाळणं आजोबांपर्यंत पोहोचलं. यंत्र कानात घालत, कठड्याला धरून ते उतरले. पण एकदा परिस्थिती बघितल्यावर त्यांची घाई कुठच्या कुठे गेली. रेल्वेची सवय. "पाण्यात पाय घालू नको," ते गौरीला म्हणाले. "कूलरचा बोर्ड खाली आहे." आधी त्यांनी जिन्याजवळच्या मीटरपेटीतून बैठकीची लाइट बंद केली. मग रबरी चप्पल घालून अंगणात गेले आणि नळ बंद केला.

नळ बंद झाला तरी सांडलेलं पाणी थांबेना. ते सावकाश उताराला लागलं होतं. मागच्या खोलीच्या उंबऱ्याला मधोमध खाच आहे, तिथून पहिली धार आत गेलीसुद्धा.

गौरी पोछ्याकडे धावली. "गौरी, मेंदी!" आजोबा ओरडले आणि स्वतः पोछा घेऊन वाकायला गेले. गुडघ्याने साफ नकार दिला. भिंतीला धरून ते कसेबसे सरळ झाले. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. घरात चार हात होते आणि त्या क्षणी एकही उपयोगाचा नव्हता.

मग आजोबांची नजर माझ्याकडे वळली.

वर्तमानपत्रांचा गठ्ठा धाडकन खाली पडला. "आजोबा, हा चालतो तरी का?" गौरीने विचारलं.

"चालेल. दर दिवाळीला याला कोण साफ करतं?"

माझी वायर त्यांनी मागच्या खोलीतल्या, भिंतीत उंचावर असलेल्या बोर्डात लावली. गौरी कोपराने माझं बटण दाबायला गेली. "थांब!" आजोबा म्हणाले. "पिशवी." त्यांनी क्लिपा उघडल्या, कापडी पिशवी काढून फेकली आणि स्पंजाचं आवरण चढवलं. तेवढ्यात एक मिनिट गेलं, पाणी वीतभर पुढे सरकलं. पण मित्रांनो, ते मिनिट गेलं म्हणूनच मी पुढचा अर्धा तास चालू शकलो. मी मनातल्या मनात त्या म्हाताऱ्याच्या पाया पडलो.

मी सुरू झालो. इतक्या वर्षांनी माझा आवाज ऐकून मलाच भरून आलं. आजोबा उभ्यानेच माझा लांब दांडा धरून होते. त्यांनी पाण्यामागे धावाधाव केली नाही. उंबऱ्याची खाच धरली, तिथली धार आधी तोडली, मग रुंद रबरी तोंड टेकवून पाणी घाटापासून मागे, मागे ओढू लागले. गौरीने पाहुण्यांसाठी आणलेली एक गादी पायांनी ढकलत, हात वरच धरून, खोलीच्या दाराशी आणून टाकली. गादी पाणी पीत होती, मी पाणी पीत होतो.

दोन मिनिटांत माझं पोट भरलं. चेंडू वर आला, आवाज चिरका झाला आणि ओढणं बंद पडलं. आजोबांनी बटण बंद केलं, प्लग काढला, डोकं उतरवलं आणि मला दोन्ही हातांनी उचलायचा प्रयत्न केला. वीस लिटर पाणी. मी जमिनीवरून हललोही नाही. गादीच्या एका बाजूने पाणी वाट काढून पुन्हा आत निघालं होतं आणि प्लायच्या कोपऱ्याशी जाऊन पोहोचलं होतं. सगळ्यात खालच्या पायरीच्या टोकाचा एक क्यूब कडेने काळपट ओला दिसू लागला.

"हटा आजोबा," गौरी म्हणाली.

"अगं, उद्या लग्न आहे तुझं. मेंदी..."

"मेंदीला गोली मारा! आईने चार महिने घालवलेत."

तिने माझ्या पोटाला लावलेली मूठ दोन्ही हातांनी पकडली. मेंदी ओली होती, थंड होती, लिंबाचा वास येत होता. तिने मला उचललं, बाथरूममध्ये नेऊन उलटं केलं आणि परत आणून ठेवलं. आजोबांनी डोकं बसवलं, क्लिपा लावल्या, प्लग लावला. पुन्हा सुरू. आधी प्लायचा कोपरा. साखरेला धक्का लागू नये म्हणून आजोबांनी माझं तोंड चार बोटं दूर धरलं आणि तिथलं पाणी हळूहळू खेचून घेतलं. मी आयुष्यात एवढा जपून श्वास घेतला नव्हता.

पाच वेळा माझं पोट भरलं आणि पाच वेळा गौरीने ते रिकामं केलं. सहाव्या वेळी पोटात अर्ध्याहून कमी पाणी होतं. मागच्या खोलीची फरशी आधी ओली, मग दमट, मग कोरडी झाली. बैठकही आटोक्यात आली. आजोबा खुर्चीवर बसले. गौरी त्यांच्या पायाशी बसून हसत होती आणि रडतही होती.

अकरा वाजता गाड्या आल्या. ओला पाइप, ओली गादी आणि बंद कूलर बघून अहल्याताई दारातच समजल्या. हातातला प्रसाद कुणाच्या तरी हातात देऊन त्या तशाच मागच्या खोलीकडे धावल्या. घाट उभा होता. त्यांनी खाली बसून फरशीवर उजवा तळवा टेकवला, घाटाच्या चारही बाजूंनी फिरवला.

"सुकं आहे," त्या म्हणाल्या. "अहो, सगळं सुकं आहे!" आणि त्यांनी डोळ्यांना पदर लावला.

सगळं काही वाचलं नव्हतं. डाळ-तांदळाचं काम पाण्यासोबत गेलं होतं. खालच्या पायरीच्या टोकाचे दोन क्यूब विरघळले होते, तिसरा खचला होता. अभिजीतराव म्हणाले, "अगं, डब्यात आहेत अजून. टेम्पो यायला टाइम आहे, लावून टाक."

अहल्याताईंनी वाकून तो कोपरा नीट पाहिला. "राहू द्या," त्या म्हणाल्या. "पाण्याजवळच्या पायऱ्या अशाच घिसलेल्या असतात. आता कुठे हा खरा घाट दिसून राहिलाय."

मग त्या वळल्या आणि सगळ्यांसमोर म्हणाल्या, "नल मी खुला ठेवला होता. पाइपही मीच लावला होता. जाताना दिसला, तरी वाटलं तुम्ही बंद कराल."

"मलाही दिसला होता," अभिजीतराव हळूच म्हणाले.

आजोबा म्हणाले, "झालं ते झालं. आधी पोरीचे हात बघा."

गौरीने तळवे पुढे केले. दोन्ही तळव्यांवर नक्षीच्या मधोमध माझ्या मुठीएवढा आडवा पट्टा पुसला गेला होता, तिथे फिकट नारिंगी रंग होता. अहल्याताई कळवळल्या. मेंदीवालीला फोन लावते, म्हणाल्या. गौरीने हात मागे घेतले. "नाही आई. तू घिसलेल्या पायऱ्या ठेवल्यास ना? मग हेही असंच राहील."

 अहल्याताई उठून माझ्याकडे आल्या. मी जिन्याजवळ उघडाच पडलो होतो, पोटात तळाला पाणी, चाकांना गादीचा कापूस. मला वाटलं, आता पुन्हा जिन्याखाली. पण त्यांनी आजोबांना विचारलं, "बाबा, हा साफ कसा करायचा ते मला दाखवा." आजोबा सांगत गेले आणि त्या करत गेल्या. पोट धुतलं, चेंडू पुसला, स्पंज पिळला. पिळताना त्यांचं मनगट दुखत असावं, कारण मध्येच थांबून त्यांनी ओठ घट्ट मिटले. पण हात बदलला नाही. मग मला अंगणात उन्हात पालथं घातलं. लग्नाचं घर, माणसांची ये-जा, मी नेमका वाटेत. "कुणाचा पाय अडकेल ना," अभिजीतराव म्हणाले. "अडकू द्या," अहल्याताई म्हणाल्या. "वाळल्याशिवाय त्याला आत आणायचं नाही."

त्या दुपारी टेम्पो आला, चार माणसांनी घाट अलगद उचलला आणि तो माझ्या समोरून कार्यालयाकडे गेला. पालथा पडून मी बघत होतो. उन्हात माझं पोट तापत होतं आणि मला फार, फार बरं वाटत होतं.

मित्रांनो, तुमच्याही घरात माझ्यासारखा कुणी कोपऱ्यात पडलेला असेल. पाणी ओढायच्या आधी त्याची पिशवी काढा, काम झालं की त्याचं पोट रिकामं करा, त्याला ऊन दाखवा. तो जास्त काही मागत नाही. आणि घराबाहेर पडताना नळ दिसला तर दुसऱ्याची वाट न बघता स्वतः बंद करा. कारण उताराच्या टोकाला कुणाचे चार महिने मांडून ठेवलेले आहेत, हे पाण्याला ठाऊक नसतं.